माहीमचा बिंबराजा : होता की नव्हता?

मुंबईचा इतिहास सांगायला बसले की बहुतेक लोक एका लग्नापासून सुरुवात करतात. पोर्तुगालची राजकन्या कॅथरिन, इंग्लंडचा राजा दुसरा चार्ल्स, १६६१ चा विवाहाचा करार आणि त्यात आंदण म्हणून दिलेले मुंबई बेट! शाळेतल्या पुस्तकातून ही हकीकत आपल्या इतकी परिचयाची झाली आहे, की त्यापूर्वी या बेटावर कोळ्यांच्या होड्यांखेरीज काही नव्हते असेच पुष्कळांना वाटते.

पण माहीम, दादर, प्रभादेवी, मालाड किंवा वसई-पालघरकडच्या एखाद्या जुन्या घरात जाऊन विचारा. पाठारे प्रभू, पाचकळशी, वाडवळ, पळशीकर ब्राह्मण, पांचाळ, आगरी यांपैकी कोणाच्याही घरातली जाणती मंडळी तुम्हांला निराळेच उत्तर देतील. "आम्ही बिंबराजाबरोबर आलो," असे ती म्हणतील, आणि तेही परवाचीच गोष्ट सांगावी तशा सहजतेने. या राजाने ओसाड बेटावर माहीम वसवले, वाडा बांधला, देवळे उभारली, बरोबर आणलेल्या कुळांना गावे आणि वतने वाटून दिली. प्रभादेवीच्या प्रभावतीचा संबंध याच राजाशी जोडतात. नायगाव म्हणजे मुळात 'न्यायग्राम', तिथे राजाची न्यायसभा भरत असे, अशीही एक समजूत आहे.

मग इतिहासाच्या पुस्तकांत या राजाला जागा का नाही? वाचकहो, इथेच खरी गंमत सुरू होते. ज्याच्या नावावर शेकडो घराणी आपला मूळपुरुष सांगतात, त्या राजाच्या नावाचा एकही निर्विवाद शिलालेख, एकही ताम्रपट किंवा एकही नाणे आजवर पुढे आलेले नाही. तो कोण होता, कधी होता, आणि मुळात होता तरी का, याविषयी गेली सव्वाशे वर्षे विद्वानांत वाद चालू आहे.

साक्षीदार पहिला : बखर

बिंबराजाच्या बाजूचा मुख्य साक्षीदार म्हणजे 'महिकावतीची बखर'. इतिहासाचार्य विश्वनाथ काशीनाथ राजवाडे यांनी ती १९२४ साली प्रसिद्ध केली आणि तिला आपल्या नेहमीच्या खणखणीत थाटात लांबलचक प्रस्तावना जोडली. महिकावती म्हणजे माहीम. पण माहिमे दोन आहेत हे ध्यानात ठेवायला हवे: एक पालघरजवळचे केळवे-माहीम आणि दुसरे आपल्या मुंबईचे. राजवाड्यांच्या मते या राजवटीचा संबंध आधी केळवे-माहीमशी आला आणि नंतर मुंबईच्या माहीमशी.

ही बखर एका हातची नाही. वेगवेगळ्या काळी, वेगवेगळ्या लोकांनी लिहिलेली प्रकरणे एकत्र बांधून ती झाली आहे. त्यातला सर्वांत जुना भाग केशवाचार्य नावाच्या ब्राह्मणाने शके १३७० मध्ये, म्हणजे इ.स. १४४८ मध्ये रचला असे राजवाडे दाखवतात. तो का रचला याची हकीकतही बखरीतच आहे. मालाडच्या नायकोरावाला देवीचा दृष्टान्त झाला, की महाराष्ट्रधर्म लोपत चालला आहे, लोक आपले कुळगोत्र आणि आचार विसरले आहेत, तेव्हा सर्वांना जमवून त्यांची आठवण दे. मग गावोगावचे लोक बोलावले, मोठी सभा भरली, आणि पूर्वीचे राजे कोण, त्यांच्याबरोबर कोणती कुळे आली, कोणाचा मान कोणता, हे सारे लिहून काढण्यात आले.

या बखरीत बिंब एक नाही, दोन आहेत!

पहिला प्रतापबिंब. चांपानेरच्या गोवर्धनबिंबाचा हा भाऊ. शके १०६० मध्ये, म्हणजे इ.स. ११३८ च्या सुमारास तो फौज घेऊन उत्तरेकडून कोकणात उतरला आणि त्याने महिकावतीला गादी स्थापली. त्याच्यामागून मुलगा महीबिंब गादीवर बसला.

दुसरा बिंबदेव. हा देवगिरीच्या रामदेवराव यादवाचा मुलगा. अल्लाउद्दीन खिलजीची धाड देवगिरीवर आली त्या धामधुमीत तो राजगुरू पुरुषोत्तमपंत कावळे आणि निवडक सरदार बरोबर घेऊन किनाऱ्याकडे आला, माहीमचे बेट त्याच्या मनात भरले, आणि तिथेच त्याने राजधानी केली. त्याच्याबरोबर शुक्ल यजुर्वेदी ब्राह्मणांची ९ कुळे आणि इतर ६६ कुळे आली, असा हिशेब परंपरेने जपून ठेवला आहे. सोमवंशी २७, सूर्यवंशी १२, शेषवंशी ९, अशी नेमकी मोजदादही आहे.

'बिंबाख्यान' नावाचे दुसरे एक जुने प्रकरणही हीच कथा सांगते. गोव्यात जन्मलेले आणि मुंबईत डॉक्टरी करणारे जेर्सन द कुन्हा यांनी १९०० साली मुंबईच्या उगमावर इंग्रजीत मोठा ग्रंथ लिहिला, त्यात त्यांनी या कथेचा भरपूर उपयोग केला. पाठोपाठ १९०२ मध्ये एस. एम. एडवर्ड्स या इंग्रज अधिकाऱ्याच्या पुस्तकातही हा राजा 'राजा भीम' म्हणून अवतरला. भीम आणि बिंब हे एकाच नावाचे दोन उच्चार, असे या मंडळींचे म्हणणे. त्यामुळे गोंधळ आणखी वाढला. कारण भीमदेव नावाचे राजे गुजरातेत अणहिलवाड पाटणच्या गादीवरही होऊन गेले. तेव्हा माहीमचा राजा म्हणजे गझनीच्या महमुदाने १०२५-२६ मध्ये सोमनाथावर स्वारी केली त्या वेळचा भीमदेव असावा, असाही एक तर्क निघाला. म्हणजे एका राजाच्या जागी तीन उमेदवार उभे राहिले, आणि त्यांच्यात अंतर तब्बल पावणेतीनशे वर्षांचे!

साक्षीदार दुसरा : दगड

आता विरुद्ध बाजूचे साक्षीदार पाहू. हे बोलत नाहीत, पण त्यांची जबानी फिरवता येत नाही. ते म्हणजे शिलालेख आणि ताम्रपट.

उत्तर कोकणात नवव्या शतकापासून तेराव्या शतकापर्यंत शिलाहारांचे राज्य होते. आज ज्याला आपण ठाणे, पालघर, मुंबई आणि रायगड म्हणतो, तो बहुतेक मुलूख त्यांच्याकडे होता. अंबरनाथचे सुंदर शिवमंदिर त्यांच्याच काळचे. या राजांनी दिलेल्या दानांचे लेख जागोजाग सापडले आहेत, आणि प्रत्येकावर शक घातलेला आहे.

बखरीप्रमाणे प्रतापबिंब शके १०६० मध्ये आला. बरे, त्याच्या पुढच्याच साली, शके १०६१ मध्ये, शिलाहार अपरादित्याच्या मुलाने दिलेला ताम्रपट दापोली तालुक्यातल्या पन्हाळेकाजीला सापडला आहे. पन्हाळेकाजी दूर दक्षिणेला, तिथे बिंब पोचला नसेल, असे म्हणावे, तर शके १०७२ चा (इ.स. ११५०) हरिपालदेव शिलाहाराचा लेख थेट विरारजवळच्या आगाशीला आहे. बखरीच्या हिशेबाने आगाशी तर ऐन बिंबांच्या मुलुखात पडते. त्यानंतर मल्लिकार्जुनाचा वसईचा लेख येतो. आणि या सर्वांवर कडी करणारा दगड खुद्द मुंबई बेटावरच निघाला, तोही परळला!

परळचा हा शिलालेख इ.स. ११८७ चा आहे. बखर म्हणते त्या वेळी माहीमला बिंबांची गादी होती. माहीम ते परळ अंतर किती? बसने जेमतेम अर्ध्या तासाचे. पण दगडावर बिंबाचे नावही नाही. तिथे 'कोकणचक्रवर्ती' म्हणवणारा शिलाहार दुसरा अपरादित्य राज्य करतो आहे. षट्षष्टी म्हणजे आपली साष्टी, तिथल्या माहवली गावातल्या एका वाडीचे २४ द्रम्म उत्पन्न दर्भावतीच्या वैद्यनाथाच्या पूजेसाठी लावून दिल्याचा हा लेख आहे. द्रम्म हे त्या काळचे चालू नाणे. लेखाच्या शेवटी दान मोडणाऱ्याला गाढवाची खरमरीत शिवी घातली आहे, ती चक्क मराठीत! संस्कृत ज्यांना कळत नव्हते त्यांनाही निदान एवढे तरी कळावे, हा हेतू उघड आहे.

या एका दगडाने आणखीही एक गोष्ट उजेडात येते. बखर सांगते की बिंबराजा आला तेव्हा बेट ओसाड होते. पण ११८७ मध्ये साष्टीत वाड्या होत्या, त्यांचे उत्पन्न ठरलेले होते, ते नोंदले जात होते. ज्या अनंतपैच्या ताब्यात ती वाडी होती, त्याला लेखात 'प्रभू' म्हटले आहे. त्याही मागे जायचे, तर १९३१ साली परळला रस्त्याचे काम चालू असताना सापडलेली शिवाची प्रचंड शिल्पशिळा सहाव्या शतकाच्या आसपासची मानतात. ती आज बारादेवीच्या देवळात पूजेत आहे. अशी कामे ओसाड बेटावर होत नसतात. तेव्हा 'आम्ही आलो तेव्हा इथे कोणी नव्हते' हे वाक्य इतिहास म्हणून घेता येत नाही. जगात कुठेही नव्याने वसती करणारे लोक असेच म्हणतात, आणि आधीपासून समुद्रावर जाळी टाकणारा कोळी ते ऐकून मनात हसत असतो.

तात्पर्य, ११३८ मध्ये चांपानेरहून येऊन उत्तर कोकण जिंकणारा आणि स्वतंत्र राज्य स्थापणारा प्रतापबिंब या दगडांपुढे टिकत नाही. मग ही कथा आली कुठून? एक शक्यता विचार करण्यासारखी आहे. बाराव्या शतकाच्या मध्यानंतर गुजरातचा राजा कुमारपाल आणि शिलाहार मल्लिकार्जुन यांची लढाई जुंपली. मल्लिकार्जुन स्वतःला 'राजपितामह', म्हणजे सर्व राजांचा आजोबा म्हणवतो, हे भाटाच्या तोंडून ऐकून कुमारपाल संतापला आणि त्याने अंबड नावाच्या सरदाराला कोकणावर पाठवले, अशी हकीकत मेरुतुंगाच्या 'प्रबंधचिंतामणी'त आहे. त्या युद्धात मल्लिकार्जुन मारला गेला. गुजरातेतून फौज आली, तिच्याबरोबर माणसे आली, त्यातली काही इथेच राहिली, आणि तीनशे वर्षांनी आठवण सांगताना सेनापतीचा राजा झाला, असे घडले नसेल कशावरून? परळच्या लेखातली दर्भावती म्हणजे गुजरातेतले डभोई असे जाणकार सांगतात. हे खरे असेल, तर दोन्ही प्रांतांची ये-जा किती दाट होती याचा तो पुरावाच म्हणायचा.

मधला मोकळा काळ

दुसऱ्या बिंबाचे, म्हणजे यादवांच्या बिंबदेवाचे प्रकरण मात्र इतके सरळ निकालात काढता येत नाही.

इ.स. १२६५ च्या सुमारास देवगिरीच्या महादेव यादवाने शेवटचा शिलाहार सोमेश्वर याचा पराभव केला. सोमेश्वर जहाजांवरून लढता लढता समुद्रात बुडाला, असे हेमाद्री पंडिताने नोंदले आहे. बोरिवलीजवळ एकसरला जे वीरगळ आहेत, त्यांपैकी काहींवर वल्ह्यांच्या नावांची लढाई कोरलेली दिसते. ती हीच लढाई, असे काही अभ्यासक मानतात. इतर काही ते दगड त्याहून जुने ठरवतात. ते काही असो, त्यानंतर कोकण यादवांकडे आले हे नक्की. त्यांचे अधिकारी इथला कारभार पाहू लागले. १२७२ मध्ये अच्युत नायक आणि १२९० मध्ये कृष्णदेव, अशी यादवांच्या कोकणातल्या सुभेदारांची नावे ठाण्याच्या ताम्रपटांतून मिळतात.

पुढची तारीख १२९६. कऱ्याचा सुभेदार अल्लाउद्दीन अचानक देवगिरीवर येऊन थडकला आणि अलोट संपत्ती लुटून गेला. जुन्या पुस्तकांत ही स्वारी १२९४ ची म्हणून दिलेली असे, आणि बखरीचा बिंबदेवही त्याच सुमारास माहीमला येतो. पुढे १३१२-१३ मध्ये रामदेवाचा मुलगा शंकरदेव मलिक काफूरशी झालेल्या युद्धात पडला. १३१८ मध्ये जावई हरपालदेव दिल्लीच्या मुबारक खिलजीच्या हाती सापडला आणि त्याचा हाल हाल करून वध झाला. यादवांचे राज्य संपले.

त्यानंतर तीनच वर्षांनी ठाण्याची खबर एकदम युरोपात पोचते. १३२१ मध्ये चार फ्रान्सिस्कन धर्मप्रचारकांना ठाण्यात ठार मारण्यात आले. त्यांचा सोबती जॉर्डानस याची पत्रे उपलब्ध आहेत, आणि थोड्याच दिवसांनी आलेला इटालियन प्रवासी ओडोरिक यानेही सगळा प्रकार लिहून ठेवला आहे. त्यावरून ठाण्यावर तेव्हा दिल्लीच्या सुलतानाचा अंमल होता, तिथे मलिक आणि काजी बसलेले होते, हे स्पष्ट दिसते.

आता या तारखा एका ओळीत मांडून पाहा. १२९० मध्ये ठाण्याला यादवांचा सुभेदार आहे. १३२१ मध्ये ठाण्याला दिल्लीचा मलिक आहे. मधल्या तीस वर्षांत माहीमला कोण होते? इथे दगड गप्प आहेत. राजधानी लुटली गेली, वरचा हुकूम पोचेनासा झाला, अशा वेळी किनाऱ्यावरचा एखादा यादव राजपुत्र किंवा यादवांचाच एखादा अधिकारी बेटाच्या आश्रयाने स्वतंत्र होऊन बसला असेल, तर त्यात अशक्य काय आहे? चारही बाजूंनी खाडी आणि समुद्र असलेले माहीम त्यासाठी ठाण्यापेक्षा कितीतरी सोयीचे.

अडचण एवढीच, की रामदेवाला बिंब नावाचा मुलगा होता याला बखरीबाहेरचा पक्का आधार नाही. तेव्हा काही अभ्यासक मधली वाट काढतात. बिंबदेव होता, पण तो राजपुत्र नसून सुभेदार असावा; लोकांच्या तोंडी तो आधी राजा झाला आणि नंतर रामदेवाचा मुलगा झाला. बखरीचा सर्वांत जुना भाग १४४८ चा. म्हणजे मध्ये दीडशे वर्षे गेली. आपल्या पणजोबांच्या वडिलांविषयी आपण आज जे छातीठोक सांगतो, तितकीच ती आठवण खरी आणि तितकीच खोटी असणार.

चोवीस हजार रयाल

बिंबदेवाच्या बाजूने एक कागदही पुढे केला जातो. मालाडच्या सरदेसायांच्या दप्तरातला म्हणून तो इंग्रज लेखकांनी छापला. महाराजाधिराज बिंबशहाने मालाड वगैरे प्रांतांची सरदेसकी आणि सरदेशपांडेपणाचे वतन गोविंद मितकरी याची विधवा चांगुणाबाई हिच्याकडून २४,००० रयाल देऊन विकत घेतले, आणि पुढे ते राजगुरू कावळे यांना दान केले, असा त्यातला मजकूर. कागदावरचा शक तेराव्या शतकाच्या अखेरचा.

पहिल्याच वाचनाला मन थबकते. राजाच जर मुलुखाचा धनी, तर त्याने आपल्याच मुलुखातले वतन एका विधवेकडून रोख रक्कम मोजून का घ्यावे? याला उत्तर आहे. आपल्याकडे वतन ही खाजगी मिळकत मानली जात असे. राजा बदलला तरी वतन मोडत नसे. त्यामुळे हा व्यवहार उलट मोठा खरा वाटतो.

पण दुसरी शंका इतक्या सहज फिटत नाही. ती म्हणजे 'रयाल'. परळच्या दगडावर द्रम्म आहेत. शिलाहारांचे बाकीचे व्यवहारही द्रम्मांत आहेत. स्पेनचे रेआल नावाचे चांदीचे नाणे चौदाव्या शतकाच्या मध्यावर प्रथम पाडले गेले, आणि आपल्या किनाऱ्यावर त्याचा सुळसुळाट झाला तो फिरंगी गलबते येऊ लागल्यावर. १२९९ च्या सुमारास मालाडची चांगुणाबाई रयाल मोजून घेत होती, हे पटणे कठीण. 'बिंबशहा' मधला 'शहा' देखील पुढच्या जमान्याची भाषा बोलतो. म्हणजे कागद आहे त्या रूपात तरी बिंबाच्या काळचा नाही. मूळ जुना कागद जीर्ण झाल्यावर नक्कल करताना नवी नाणी आणि नवे शब्द शिरले असतील, किंवा सगळा कागदच मागाहून तयार झाला असेल.

आणि ती ६६ कुळे? साष्टीचे जुने नाव षट्षष्टी, म्हणजे सहासष्ट. सहासष्ट गावांवरून ते पडले असे म्हणतात. बिंबाबरोबर आलेली कुळेही बरोबर ६६ भरावीत, हा योगायोग जरा जास्तच सुबक आहे.

राजा कशासाठी हवा होता?

मग हे सगळे कोणी थापा मारण्यासाठी रचले काय? तसे म्हणणे हा त्या लोकांवर अन्याय होईल.

पंधराव्या शतकातले माहीम डोळ्यांपुढे आणा. गुजरातच्या सुलतानांचे ते ठाणे होते. बहामनी फौजेने ते एकदा बळकावले आणि गुजरातच्या फौजेने परत घेतले. मखदूम अली माहिमींसारखे थोर मुसलमान पंडित त्याच माहीममध्ये होऊन गेले, त्यांच्या दर्ग्याचा उरूस आजही भरतो. अशा धामधुमीत गावच्या पाटलाला, देसायाला, चौगुल्याला प्रत्येक नव्या अंमलदारापुढे उभे राहून एकच प्रश्न ऐकावा लागे : "तुझा हक्क कशावरून?" उत्तर द्यायला दाता हवा. देणारा राजा दाखवता आला, तर जमीन राहणार, होळीचा मान राहणार, देवळातला पहिला नारळ राहणार. दाखवता आला नाही, तर तोंडात बोट घालून बसायचे. मालाडच्या सभेत देवीच्या दृष्टान्ताने जमलेली मंडळी धर्मासाठी जमली होती यात शंका नाही. पण धर्माबरोबर पोटाचाही प्रश्न होता.

पुढे हीच पाळी पुन्हा पुन्हा आली. १५३४ च्या तहाने वसई आणि मुंबईची बेटे पोर्तुगीजांकडे गेली. देवळे मोडली, लोक परागंदा झाले, मूर्ती विहिरींत आणि तळ्यांत लपवल्या गेल्या. १७३९ मध्ये चिमाजीअप्पांनी वसई घेतली आणि वतनांच्या जुन्या दाव्यांना पुन्हा जाग आली. दर खेपेला बिंबराजाची आठवण नव्याने उजळली गेली असणार, आणि उजळताना थोडी थोडी बदललीही असणार. ज्या राजाचा एकही दगड सापडत नाही, त्याने चारपाचशे वर्षे लोकांच्या जमिनी राखल्या, जातीजातींत मानपान ठरवले, परमुलुखातून आलेल्या माणसांना 'हे गाव आपले' असे म्हणण्याचा धीर दिला. पुष्कळशा खऱ्या राजांनाही इतके जमत नाही!

म्हणून 'बिंबराजा होता का?' या प्रश्नाचे उत्तर एका शब्दात देऊ नये हेच बरे. ११३८ चा विजेता प्रतापबिंब शिलालेखांपुढे उभा राहत नाही. १२९६ नंतरचा बिंबदेव सिद्ध होत नाही, पण त्याला जागा आहे. आणि १४४८ चा बिंब, म्हणजे लोकांच्या मनातला राजा, तो तर नक्कीच होता. त्याच्याविषयी लिहिलेली बखर आपल्यापुढे आहे. तिन्ही गोष्टी निरनिराळ्या आहेत आणि त्यांची सरमिसळ झाली, की भांडणे होतात. अमुक कुळ आधी आले, तमुक मागून, आमचा मान वरचा, तुमचा खालचा, अशा वादांत गेल्या शतकात बरीच शाई खर्ची पडली आहे. ज्या राजाचा काळच ठरत नाही, त्याच्या साक्षीवर कोणाला उच्च आणि कोणाला नीच ठरवणे शहाणपणाचे नव्हे. बिंबाच्या कथेतून घेण्यासारखे काही असेल तर ते हे, की या बेटावर जो तो कुठूनतरी आलेला आहे, कोणी पैठणहून, कोणी चांपानेरहून, कोणी काल आणि कोणी सातशे वर्षांपूर्वी.

खटला अजून संपलेला नाही. नवा पुरावा निघाला तर तो फार करून मोठ्या उत्खननात निघणार नाही, तुमच्या-आमच्या आसपासच निघेल. मुंबई-ठाणे-वसईच्या गावठाणांत आजही कोरीव दगड पडलेले दिसतात. वर सूर्यचंद्र आणि खाली गाढवाची आकृती असलेला दगड म्हणजे गधेगळ, जुन्या दानपत्राचा पहारेकरी. कुठे त्याला शेंदूर फासून देव केला आहे, कुठे त्यावर कपडे धुतात, आणि जुनी चाळ पाडून नवी इमारत उभी राहताना कुठे तो डेब्रिसबरोबर निघून जातो. परळचा दगड असाच निघून गेला असता, तर अनंतपैची वाडी आणि ते २४ द्रम्म आपल्याला कधीच कळले नसते.

तेव्हा दिवाळीच्या साफसफाईत माळ्यावरची जुनी पेटी खाली आली, आणि तिच्यात मोडी अक्षरांचे पिवळे पडलेले कागद निघाले, तर ते रद्दीत घालण्यापूर्वी एखाद्या मोडी जाणणाऱ्याला अवश्य दाखवा. बहुधा ते गहाणखत निघेल, किंवा शेजाऱ्याशी केलेल्या बांधाच्या भांडणाचा निवाडा. पण अशाच एखाद्या घडीत, द्रम्मांचा हिशेब देणाऱ्या एखाद्या ओळीत, माहीमच्या बिंबदेवाचे नाव नसेलच असे कोणी सांगावे?